पावतीवरची तारीख, बंबावरची तारीख

२०२३ ची नरकचतुर्दशी १२ नोव्हेंबरला, रविवारी आली होती. पहाटे पाचला तेल चोळून, उटणं लावून मी शॉवरखाली उभा राहिलो. तिसऱ्या मिनिटाला पाणी कोमट झालं आणि चौथ्याला गार. न्यू जर्सीत नोव्हेंबरचं नळाचं पाणी हाडापर्यंत पोचतं. अंगावर उटणं तसंच, दार किलकिलं करून मी हाक मारली, तर बायको जिन्याखालून म्हणाली, "अहो, यंदाचा नरकासुर तुम्हीच वाटतं!"

पंचा गुंडाळून तळघरात उतरलो. चौदा वर्षांचा, पन्नास गॅलनचा, साधा विजेवरचा वॉटर हीटर. बुडाशी तांबूस गंजाचा ओघळ आणि फरशीवर ताटलीएवढं ओलं. आमच्या वस्तीत गॅसची लाइन नाही, त्यामुळे सगळी घरं विजेवरच. आम्ही घरात त्याला बंबच म्हणतो. मी साताऱ्याचा. आमच्याकडे तांब्याचा बंब होता, मधल्या नळकांड्यात ढलप्या आणि नारळाच्या करवंट्या टाकायच्या, खाली साठलेली राख भांडी घासायला जायची. वडील ट्रेझरीत कारकून. लाकूडफाट्याच्या वखारीची पावतीसुद्धा ते भिंतीवरच्या तारेत टोचून ठेवत आणि टोचण्याआधी पाठीवर पेन्सिलीनं लिहीत: माल कधी आला, पैसे कधी दिले. दोन वेगळ्या तारखा. ही सवय मला लागली नाही, म्हणून हा लेख लिहावा लागतोय.

नवा बंब कुठला घ्यायचा याची चौकशी सुरू झाली तशी हीट पंपवाल्याची शिफारस सगळीकडून आली. हा वीज जाळून उष्णता तयार करत नाही, खोलीतल्या हवेतली उष्णता उचलून पाण्यात सोडतो. काम फ्रिजचंच, तोंड उलटं. फ्रिज आतली उष्णता काढून स्वयंपाकघरात टाकतो, हा तळघरातली काढून टाकीत टाकतो. एक युनिट वीज खर्चून तीन युनिटांची उष्णता मिळते ती अशी. कार्यक्षमतेचा जो आकडा इथे लेबलवर असतो, यूईएफ, तो साध्या विजेच्या टाकीला ०.९ च्या आसपास असतो आणि याला ३ च्या वर. महाग मात्र बराच.

आणि इथेच विक्रेत्यानं ते वाक्य टाकलं. "सरकारकडून दोन हजार डॉलर परत मिळतात."

या एका वाक्याभोवती तीन चुका आहेत, हे मला कळायला सव्वा वर्ष लागलं.

ऑगस्ट २०२२ मध्ये अमेरिकेत इन्फ्लेशन रिडक्शन अ‍ॅक्ट झाला. त्यानं प्राप्तिकराच्या कलम २५-सी खालचं जुनं क्रेडिट वाढवून १ जानेवारी २०२३ पासून नव्या रूपात आणलं. घरात हीट पंपाचा वॉटर हीटर बसवला तर खर्चाच्या ३० टक्के, जास्तीत जास्त २,००० डॉलर. म्हणजे दोन हजार ही कमाल मर्यादा आहे, रक्कम नव्हे. पूर्ण दोन हजार मिळायचे तर खर्च ६,६६७ डॉलर हवा. माझं बिल, टाकी, मजुरी, पर्मिट, निचऱ्याचा छोटा पंप आणि जुनी टाकी उचलून नेणं धरून, ४,६०० डॉलर झालं. त्याचे ३० टक्के १,३८०. पहिल्या दिवशी कागदावर हा गुणाकार केला असता तर सहाशे वीस डॉलरचा भ्रम तिथेच फिटला असता. बरं, मजुरी धरायची की नाही यावरही लोक वाद घालतात. वॉटर हीटरच्या बाबतीत मजुरी धरता येते. खिडक्या, दारं, इन्सुलेशन यांच्या बाबतीत फक्त वस्तूची किंमत. शेजाऱ्यानं खिडक्यांच्या बिलावरून मला "मजुरी धरू नकोस" असं ठामपणे सांगितलं होतं. त्याचं त्याच्यापुरतं बरोबर होतं.

दुसरी चूक "परत मिळतात" या शब्दांत. तिच्याकडे नंतर येतो, कारण माझा खरा खड्डा तिथे होता.

तिसरी चूक विक्रेत्यानं बोलून दाखवली नाही, मी आपली आपण करून घेतली. वीज कंपनी हीट पंपाच्या हीटरवर स्वतंत्र रिबेट देत होती, ७५० डॉलर. मला वाटलं, हे वेगळं, ते वेगळं, दोन्ही आपले. दोन्ही आपलेच, पण वीज कंपनीनं दिलेली सूट आधी खर्चातून वजा करायची आणि मग ३० टक्के काढायचे. ४,६०० उणे ७५० म्हणजे ३,८५०, त्याचे ३० टक्के १,१५५. चेक नंतर येतो, चार-चार महिन्यांनी येतो, म्हणून तो हिशेबातून सुटतो. माझा एप्रिलमध्ये आला, रिटर्न भरून झाल्यावर. लिफाफा फोडला, बँकेत टाकला, विसरलो.

आता तारखांकडे.

मी ३१ डिसेंबर २०२३ ला निवृत्त होणार होतो. बायको म्हणाली, पगार चालू आहे तोवर मोठा खर्च उरकून टाका. शहाणी सूचना होती. १९ डिसेंबरला क्रेडिट कार्डानं पूर्ण पैसे भरले, पावती हातात आली. प्लंबर २७ ला येणार होता. मग नाताळ आला, टाउनशिपच्या ऑफिसात पर्मिटचा कागद अडकला, त्यात प्लंबरचा मदतनीस आजारी. आम्ही पंधरा दिवस बादलीनं अंघोळ केली, शेगडीवर पातेली तापवून. मोठी मुलगी फोनवर म्हणाली, "बाबा, तुम्ही अमेरिकेत साताऱ्याला जाऊन आलात." शेवटी बंब बसला मंगळवारी, ९ जानेवारी २०२४ ला.

तो दिवस मला लख्ख आठवतो. दोघांनी जुनी टाकी पट्टा बांधून जिन्यावरून वर ओढली, तिच्या बुडातून गाळ सांडला, पांढरा, खडूच्या चुऱ्यासारखा. नवीन टाकी माझ्यापेक्षा उंच. वर पंख्याची जाळी, कडेला पारदर्शक नळी, हवेतली ओल थेंब थेंब पाझरून त्या नळीतून निचऱ्याच्या पंपात जाते. चालू केल्यावर घुर्र असा आवाज सुरू झाला आणि पायाशी गार वारा. बायकोनं कांदे-बटाट्याची टोपली तिथेच सरकवली. गणपतीचं मखर मात्र दूर नेलं, ओल नको म्हणून. जाताना प्लंबरनं खिशातून जाड काळं मार्कर काढलं आणि टाकीच्या पांढऱ्या पत्र्यावर लिहिलं: १/९/२४. पुढच्या प्लंबरला टाकीचं वय कळावं म्हणून ते तसं लिहितात.

मार्च २०२४ मध्ये मी २०२३ चं रिटर्न भरायला बसलो. तीस वर्षं मी स्वतःच भरतो, त्याचा थोडा ताठाही आहे. सॉफ्टवेअरनं विचारलं, २०२३ मध्ये घरात ऊर्जाबचतीच्या सुधारणांवर खर्च केलात का? केला की. पावती समोर होती, १९ डिसेंबर २०२३, ४,६०० डॉलर. आकडा टाकला. फॉर्म ५६९५ आपोआप तयार झाला, १,३८० डॉलर करातून वजा झाले, रिफंड वाढला. मी उठून चहा केला.

वर्ष गेलं. फेब्रुवारी २०२५ मध्ये २०२४ चं रिटर्न भरायचं होतं. निवृत्तीनंतरचं पहिलंच, म्हणून म्हटलं एकदा भाच्याला दाखवावं. तो सीपीए आहे, शिकागोत असतो. इथेच वाढला, मराठी बोलतो पण 'ळ' त्याच्या जिभेवर बसत नाही. व्हिडिओ कॉलवर त्यानं मागच्या वर्षीचं रिटर्न चाळलं आणि विचारलं, "मामा, हा वॉटर हीटर कधी बसवलास?"

"डिसेंबरात घेतला."

"घेतला कधी ते नाही विचारलं. बसवला कधी?"

फोन घेऊन मी तळघरात गेलो, पावत्यांचा खोका तिथेच असतो. कागद उलगडत होतो, फोन टाकीला टेकवून ठेवलेला. तो म्हणाला, "मामा, मागे टाकीवर काय लिहिलंय?"

वर्षभर दर आठवड्याला बटाटे आणायला मी त्या अक्षरांसमोरून गेलो होतो. १/९/२४. कधी नजर पडलीच तर आपली भारतीय सवय, एक सप्टेंबर वाचायचो आणि प्लंबरनं काहीतरी खूण केली असेल म्हणून सोडून द्यायचो.

हे क्रेडिट ज्या वर्षी वस्तू बसवून वापरात आली त्या वर्षाचं. पैसे कधी दिले, ऑर्डर कधी नोंदवली, पावतीवर काय छापलंय, याचा त्या वर्षाशी संबंध नाही. माझा बंब २०२४ चा. म्हणजे २०२३ च्या रिटर्नमध्ये घेतलेले १,३८० डॉलर माझे नव्हतेच. आयआरएसचं पत्र आलं नव्हतं, कदाचित आलंही नसतं. पण भाचा समोर, आणि वडिलांची ती तार डोक्यात. फॉर्म १०४०-एक्स भरून रिटर्न दुरुस्त केलं, १,३८० परत केले आणि वर व्याज नव्वदीच्या आसपास. दंड आला नाही.

मी म्हटलं, ठीक, या वर्षीच्या रिटर्नमध्ये घेऊ, १,१५५. भाचा थोडा वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, "मामा, या वर्षी तुला टॅक्स किती आहे माहितेय?"

४१८ डॉलर.

निवृत्तीचं पहिलं वर्ष. माझा पगार बंद, सोशल सिक्युरिटी मी मुद्दाम पुढे ढकललेली, घरात उत्पन्न म्हणजे बायकोचा लायब्ररीतला अर्धवेळ पगार आणि बँकेचं व्याज. स्टँडर्ड डिडक्शन गेल्यावर करपात्र उरलं चार हजारांच्या आसपास, त्यावर १० टक्क्यांनी ४१८. आणि २५-सी चं क्रेडिट कर शून्यापर्यंत खाली आणतं, शून्याखाली नेत नाही. उरलेलं रोख हातात देत नाही. पुढच्या वर्षीही ढकलता येत नाही. १,१५५ मधले ४१८ कामी आले, ७३७ डॉलर हवेत गेले. हाच बंब दोन आठवडे आधी बसला असता तर पगाराच्या वर्षात पूर्ण १,१५५ वळते झाले असते.

"परत मिळतात" मधली चूक ती ही. परत कुणी काही देत नाही. तुमच्यावर जो कर बसतो, त्यातून तेवढं कमी होतं, आणि कर असेल तरच. इथे आपल्या लोकांची एक ठरलेली गल्लत होते, ती मी मंडळाच्या गणेशोत्सवात तीन वेगवेगळ्या टेबलांवर ऐकली. कुणी म्हणतं, "मला तर दरवर्षी रिफंड येतो, म्हणजे मला टॅक्स नाहीच, मग क्रेडिट कसलं?" कुणी नेमकं उलट, "मला रिफंड येतो, म्हणजे क्रेडिटही रिफंडमध्येच येणार." रिफंड म्हणजे पगारातून जास्त कापून घेतलेलं परत येणं. कर किती बसला ते वेगळंच. २०२४ च्या फॉर्म १०४० वर ओळ १८ बघा, तिथे क्रेडिटं वजा होण्याआधीचा कर असतो. ती ओळ मोठी असेल तर तुम्हाला जागा आहे. ती चारशे अठरा असेल तर तुम्ही माझ्या रांगेत.

ज्यांचं एखादं वर्ष उत्पन्न कमी असतं, म्हणजे निवृत्तीचं, नोकरी गेल्याचं, आईच्या आजारपणासाठी सहा महिने भारतात बिनपगारी काढल्याचं, त्यांनी हे आधी बघावं. मला यातला सगळ्यात बोचरा भाग भाच्यानं शेवटी सांगितला. माझ्याकडे जुन्या नोकरीचे पारंपरिक आयआरएमध्ये पैसे होते. २०२४ संपायच्या आत त्यातले सात हजारांच्या आसपास डॉलर रॉथ आयआरएमध्ये वळवले असते तर त्यावर १० टक्क्यांनी सातशेच्या आसपास कर बसला असता, आणि तो कर या वाया गेलेल्या क्रेडिटनं खाऊन टाकला असता. एरवी कधीतरी भरावाच लागणारा कर फुकटात सुटला असता. राज्याचा थोडा कर लागला असता, आरोग्यविम्याच्या सवलतीवर काय परिणाम होतो तेही बघावं लागलं असतं, पण हिशेब फायद्याचा होता. अट एकच, हे ३१ डिसेंबरच्या आत करायचं. फेब्रुवारीत कळून काय उपयोग! वरातीमागून घोडं.

ही झाली माझी कहाणी. आता इतरांचं, कारण गेल्या वर्षभरात मंडळातले लोक मला 'बंबवाले काका' म्हणून फोन करतात.

पहिली गोष्ट, हे क्रेडिट आता संपलं आहे. मूळ कायद्यात ते २०३२ पर्यंत होतं, पण ४ जुलै २०२५ ला सही झालेल्या नव्या कायद्यानं ते तोडलं आणि ३१ डिसेंबर २०२५ नंतर बसवलेल्या वॉटर हीटरला ते नाही. म्हणजे माझी जी चूक होती, पैसे डिसेंबरात आणि टाकी जानेवारीत, तीच ज्यांनी २०२५ च्या शेवटी केली त्यांना वर्ष बदलून मिळण्याचाही प्रश्न नाही, काहीच मिळत नाही. आमच्यातल्या एकानं डिसेंबरच्या तिसऱ्या आठवड्यात मला मोठ्या समाधानानं सांगितलं, "पैसे भरून टाकले, आता तो निवांत जानेवारीत येऊ दे." मी जेवता जेवता उठलो. त्यानं प्लंबरच्या मागे लागून, दोनशे डॉलर जास्त देऊन ३० तारखेला बसवून घेतला. हे जास्तीचे दोनशेसुद्धा मजुरीत धरता येतात, हे त्याला मी दुसऱ्या दिवशी सांगितलं, आधी नाही.

पण क्रेडिट संपलं म्हणजे हक्क संपला असं नाही. २०२३, २०२४ किंवा २०२५ मध्ये ज्यांचा बसला आणि ज्यांनी मागितलंच नाही, त्यांना ते अजून मिळू शकतं. २०२५ चं त्या वर्षीच्या रिटर्नमध्ये. आधीच्या वर्षांचं १०४०-एक्स आणि त्या वर्षीचा फॉर्म ५६९५ जोडून, रिटर्न भरल्यापासून तीन वर्षांच्या आत. २०२३ चं रिटर्न ज्यांनी एप्रिल २०२४ पर्यंत वेळेत भरलं त्यांना १५ एप्रिल २०२७ पर्यंत मुदत आहे. मंडळाच्या खजिनदारांनी २०२३ च्या मे महिन्यात असाच बंब बसवला होता. सॉफ्टवेअरनं प्रश्न विचारला तेव्हा "हे सोलरवाल्यांसाठी असतं" म्हणून त्यांनी पुढचं बटण दाबलं होतं. दुरुस्त रिटर्न भरलं, चेक आला. खजिनदार असूनही त्यांनी मला फक्त बटाटेवडा खिलवला.

सोलरवरून आठवलं. सूर्याच्या उष्णतेवर पाणी तापवणाऱ्या यंत्रणेचं क्रेडिट वेगळं होतं, कलम २५-डी. तिथे ३० टक्क्यांना वरची मर्यादा नव्हती आणि न वापरलेलं पुढच्या वर्षी नेता येत होतं. तेही २०२५ अखेर बंद झालं, पण आधीचं उरलेलं ज्यांच्याकडे आहे ते पुढे वापरू शकतात. लोक या दोघांची खिचडी करतात. "अरे, उरलेलं पुढच्या वर्षी घे की," असं मला ज्यांनी सांगितलं ते सगळे छपरावर पॅनेल बसवलेले होते.

आता मॉडेलचं. पिवळं एनर्जीगाइडचं लेबल प्रत्येक टाकीवर असतं, त्यावरून वर्षाला वीज किती लागेल ते कळतं. क्रेडिटला पात्र आहे की नाही ते त्यावरून कळत नाही. त्यासाठी सीईई या संस्थेनं त्या वर्षाच्या सुरुवातीला ठरवलेल्या वरच्या पायरीत, प्रगत पायरी सोडून, ते मॉडेल बसायला हवं. पुन्हा तेच, बसवल्याच्या वर्षाची पायरी. उत्पादकाच्या संकेतस्थळावर त्या मॉडेलचं प्रमाणपत्र असतं, तो कागद रिटर्नला जोडायचा नसतो, छापून घरी ठेवायचा. दुकानदार "क्वालिफाय होतं" म्हणतो तेव्हा त्याला हाच कागद मागा. दोन अक्षरांच्या फरकानं मॉडेल बदलतं. २०२५ मध्ये बसवलेल्या हीटरसाठी आणखी एक भानगड आहे. उत्पादकाचा चार अक्षर-अंकांचा ओळखक्रमांक, क्यूएमआयडी, फॉर्मवर लिहावा लागतो. तो नसेल तर क्रेडिट अडतं. टाकी अजून तळघरात आहे, उत्पादकाचं नाव त्यावर आहे, आज शोधून ठेवा.

ज्यांनी त्याच वर्षी घर गरम-थंड करणारा हीट पंपही बसवला त्यांना वाटतं, दोन यंत्रं, दोनदा दोन हजार. तसं नाही, ते दोन हजार दोघांत वाटून घ्यायचे, वर्षाला एकदाच. उलट ज्यांनी वेगवेगळ्या वर्षांत बसवले त्यांना दर वर्षी नवी मर्यादा मिळाली. हे आधी कळलं असतं तर कित्येकांनी एक काम डिसेंबरात आणि दुसरं जानेवारीत केलं असतं. म्हणजे तारीख नेहमी वैरीच असते असं नाही. गॅसवरच्या उच्च कार्यक्षमतेच्या हीटरला ३० टक्के पण फक्त ६०० डॉलरपर्यंत, त्यात मी पडत नाही.

भाड्यानं दिलेल्या घराचं मात्र सांगायला हवं, कारण आपल्या मंडळींकडे एक टाउनहाउस राहायला आणि एक भाड्याला असा थाट बराच दिसतो. ज्या घरात तुम्ही राहत नाही, फक्त भाडं घेता, तिथे बसवलेल्या बंबाचं हे क्रेडिट तुम्हाला नाही. नव्यानं बांधलेल्या घरात बिल्डरनं बसवून दिलेल्यालाही नाही. जुन्या घरात, नवी टाकी, राहणाऱ्यानं बसवलेली. भाडेकरूनं स्वतःच्या पैशानं बसवली तर तो मागू शकतो, हे ऐकून आमच्या एका घरमालकाचा चेहरा पडला.

आणि बंबाबद्दल दोन शब्द, कारण क्रेडिटच्या नादात लोक यंत्र विसरतात. जाळीतला फिल्टर धुवायचा असतो, पहिल्या वर्षी मी धुतला नाही आणि पाणी तापायला वेळ लागू लागला. हिवाळ्यात तो तळघर गार करतो, म्हणजे ती उष्णता शेवटी घराच्या भट्टीकडूनच उसनी घेतो. चिंचोळ्या कपाटात कोंडला तर त्याला हवाच पुरत नाही. पाहुणे आले की हायब्रिडवर ठेवायचा, म्हणजे गरज पडली तर जुन्या पद्धतीची विजेची कॉइलही मदतीला येते. आमचं विजेचं बिल उतरलं हे खरं. पण १,१५५ मिळाले असते तर बंबाचा खर्च लवकर फिटला असता, हे बायको अजून म्हणते, मुद्दाम बटाटे निवडताना.

राज्याच्या आणि वीज कंपन्यांच्या सवलती ठिकठिकाणी अजून आहेत आणि त्यांचे नियम वेगळे. काहींना आधी अर्ज लागतो, काहींना परवानाधारक माणसानंच बसवलेला लागतो, काहींना जुन्या टाकीवरच्या नाव-क्रमांकाच्या पट्टीचा फोटो लागतो. जुनी टाकी उचलून नेली की तो फोटो कुठून आणणार? आमची निघाली तेव्हा बायकोनं सहज फोटो काढला होता, गाळाची गंमत म्हणून. त्यात पट्टी आली होती, आणि त्या फोटोवर ७५० डॉलर मिळाले.

२०२५ च्या नरकचतुर्दशीला, २० ऑक्टोबरला, पाणी शेवटपर्यंत कढत होतं. त्या दुपारी मी तळघरात जाऊन प्लास्टिकचा एक लिफाफा टाकीशेजारच्या खिळ्याला अडकवला. त्यात दुकानाची पावती, प्लंबरचं बिल, पर्मिट, उत्पादकाचं प्रमाणपत्र, रिबेटच्या चेकची प्रत आणि १०४०-एक्सची नक्कल. पावतीच्या पाठीवर पेन्सिलीनं लिहिलं: पैसे १९ डिसेंबर २०२३, बसवला ९ जानेवारी २०२४, मंगळवार. बायकोनं लिफाफ्यावर चिठ्ठी डकवली, "बंब". आणि टाकीवरच्या प्लंबरच्या आकड्यांखाली त्याच जातीच्या जाड मार्करनं महिना अक्षरात लिहून टाकला.